भातखंडे यांच्यावर शास्त्री आणि गवई दोघेही का रागावले होते?

पंडित विष्णू नारायण भातखंडे (१८६०–१९३६) यांचे नाव निघाले की शास्त्री आणि खाँसाहेब दोघेही नाके का मुरडत असत, असे आपण विचारले आहे. मी ग्वाल्हेरला गाणे शिकलो आणि इथे हा वाद अजून पुरता मिटलेला नाही, म्हणून थोडे लिहितो.

भातखंडे वकिली शिकलेले होते आणि उलटतपासणीची सवय त्यांनी संगीतातही सोडली नाही. शास्त्र्यांना त्यांनी सुनावले, की तेराव्या शतकातल्या शार्ङ्गदेवाचे राग आज कोणी गात नाही, तेव्हा त्याच्या ‘संगीतरत्नाकर’ या संस्कृत ग्रंथातले श्लोक म्हटल्याने आजचा यमन सिद्ध होत नाही. गवयांना विचारले, की तुम्ही गाता ते सुंदर, पण ते तसेच का, हे सांगाल काय? गंमत अशी, की ग्रंथाधार मागणाऱ्यांसाठी त्यांनी १९१० साली ‘श्रीमल्लक्ष्यसंगीतम्’ हा संस्कृत ग्रंथ ‘चतुर पंडित’ या नावाने स्वतःच लिहिला आणि पुढे आपल्या मराठी ग्रंथात त्याच चतुर पंडिताचे दाखले परक्या माणसाचे असावेत अशा थाटात दिले. मला त्यात लबाडीपेक्षा वकिली अधिक दिसते.

आधी गायले जाते ते, शास्त्र मागाहून, हा त्यांचा मूळ विचार. पण दहा थाटांची, म्हणजे सात स्वरांच्या ज्या दहा साच्यांत सारे राग बसवायचे त्यांची, चौकट मांडताना तो त्यांनाच जड गेला. भूप आणि देसकार यांत तेच पाच स्वर, सा रे ग प ध. गंधाराला (ग) मान दिला की रात्रीचा भूप, धैवताला (ध) दिला की सकाळचा देसकार. इथवर त्यांचा कान बोलतो. मात्र कल्याण आणि बिलावल या थाटांत फरक फक्त मध्यमाचा (म); मग भूपात मध्यमच नसताना तो कल्याण थाटात आणि देसकार बिलावलात का, याचे उत्तर चलनात, म्हणजे रागात स्वर कसे फिरतात त्यात, सापडते, थाटाच्या स्वरांत नाही.

१९१८ साली ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांच्या आश्रयाने ग्वाल्हेरला माधव संगीत विद्यालय निघाले आणि राजाभैया पूछवाले यांच्यासारखे घराणेदार गवई भातखंड्यांचे स्वरलेखन शिकून तिथे शिकवू लागले. समोर बसून तालीम घेतलेल्या पुष्कळांना मात्र कागदावरची चीज कधीच रुचली नाही.

माझे गुरुजी त्यांतलेच, तरी भातखंड्यांच्या स्वरलिपीत छापलेल्या चिजांच्या ‘क्रमिक पुस्तकमालिके’ची जीर्ण प्रत त्यांच्या तानपुऱ्याशेजारी असे. भातखंडे ललत रागात शुद्ध धैवत मानतात. गुरुजी कोमल शिकवीत. त्या पानांवर त्यांनी प्रत्येक ‘ध’खाली पेन्सिलीने आडवी रेघ ओढून ठेवली होती. कोमल स्वराची ही खूणही भातखंड्यांचीच.