क्रिओल म्हणजे संकर नव्हे

प्रश्न असा आहे: दक्षिण अमेरिकेच्या स्वातंत्र्यलढ्याचा सेनानी सिमोन बोलिवार याच्यावरच्या एका मराठी लेखात 'तो क्रिओल, म्हणजे गोऱ्या बापाचा आणि स्थानिक आईचा मुलगा होता' असे वाचले. हा अर्थ बरोबर आहे का? आणि क्रिओलला मराठीत काय म्हणावे?

अर्थ साफ चुकीचा आहे. ही चूक इतक्या वेळा वाचावी लागते की आता ती सोडून देणे जमत नाही. लॅटिन अमेरिकेच्या स्वातंत्र्यलढ्यावर मराठीत काहीही लिहायचे झाले की पहिल्या परिच्छेदात क्रिओल येतो आणि त्याच्या मागे 'संकरित', 'मिश्रवंशीय' किंवा 'अर्धगोरे' हे विशेषण चिकटून येते. संकरातून जन्मलेल्या मुलासाठी स्पॅनिशमध्ये 'मेस्तिसो' हा वेगळा, स्वच्छ शब्द आहे. क्रिओल शब्दात रक्ताच्या मिश्रणाचा मागमूस नाही. मूल कुठे जन्मले आणि कुठे वाढले, एवढेच तो सांगतो.

लुइझियानाचे क्रिओल जेवण, पेरूचे क्रिओयो संगीत, अर्जेंटिनाचा क्रिओयो घोडा, भाषाशास्त्रातल्या क्रिओल भाषा, हे सगळे नंतरचे. आपल्या रायगड जिल्ह्यातल्या कोर्लईच्या नोलिंग या बोलीला अभ्यासक क्रिओल पोर्तुगीज म्हणतात, तेही याच नंतरच्या अर्थाने. ते बाजूला ठेवू.

इंग्रजी क्रिओल फ्रेंचमधून आला, फ्रेंचने तो स्पॅनिश 'क्रिओयो'वरून घेतला आणि स्पॅनिशने पोर्तुगीज 'क्रिओलु'वरून. त्याच्या मुळाशी आहे 'क्रियार' हे क्रियापद. लॅटिन 'क्रेआरे' म्हणजे निर्माण करणे, पण पोर्तुगीज-स्पॅनिश घरांत 'क्रियार'चा रोजचा अर्थ झाला पोसणे, वाढवणे. दूध पाजणे, अंगाखांद्यावर खेळवणे, भरवणे, मोठे करणे, सगळे त्यात आले. जनावराच्या पिल्लाला 'क्रिया' म्हणतात तेही यावरूनच. म्हणजे क्रिओल हा शब्द जन्मला तो बाळंतिणीच्या खोलीत आणि मागच्या अंगणात, कायद्याच्या पुस्तकात नव्हे.

आणि तो पहिल्यांदा गोऱ्यांसाठी वापरलाच गेला नाही! याचा साक्षीदार अस्सल आहे. इंका गार्सिलासो दे ला वेगा १५३९ साली पेरूतल्या कुस्कोत जन्मला. बाप स्पॅनिश सरदार, आई इंका राजघराण्यातली. १६०९ साली लिस्बनमध्ये छापलेल्या आपल्या ग्रंथात तो स्पष्ट लिहितो की हा शब्द काळ्या लोकांनी काढला. पश्चिम आफ्रिकेतल्या गिनीत जन्मून गुलाम म्हणून आलेले आणि अमेरिकेत जन्मलेले यांच्यात फरक दाखवायला त्यांना तो हवा होता. आफ्रिकेत जन्मलेले स्वतःला अधिक प्रतिष्ठित समजत, कारण ते आपल्या मायभूमीत जन्मले आणि त्यांची मुले परक्या मुलखात. आईबापांना कोणी क्रिओयो म्हटले तर त्यांना तो अपमान वाटे. स्पॅनिश लोकांनी अमेरिकेत जन्मलेल्या आपल्या मुलांसाठी हाच शब्द उचलला तो या साम्यावरून. पुढचा मुद्दा मराठी लेखकांनी लक्षात ठेवावा: हाच गार्सिलासो स्वतःला क्रिओयो म्हणत नाही. मेस्तिसो म्हणतो, आणि तोंड भरून, अभिमानाने म्हणतो. दोन्ही शब्द त्याच्या हाताशी होते आणि त्याने गल्लत केली नाही.

गोऱ्यांसाठीचा वापरही जुनाच. १५६७ साली पेरूचा गव्हर्नर लोपे गार्सिया दे कास्त्रो स्पेनला कळवतो की हा मुलूख क्रिओयोंनी भरला आहे, म्हणजे इथेच जन्मलेल्यांनी, आणि त्यांनी राजाला कधी पाहिलेले नाही, पाहण्याची आशाही नाही. अडीच शतकांनी बोलिवारने जे केले त्याची धास्ती या पत्रात आधीच आहे. पुढे ब्राझीलमध्ये गुलामांच्या याद्यांत हेच शब्द ठरून गेले: नुकताच आफ्रिकेतून आणलेला, भाषा न कळणारा तो 'बोसाल', रुळलेला तो 'लादिनु', आणि इथेच जन्मलेला तो 'क्रिओलु'.

आता माझ्या मताकडे येतो. मला ते फार वर्षे पटलेले आहे. क्रिओलुचा मूळ विरोध आहे 'विकत आणलेला' या शब्दाशी. घरात दोन प्रकारची माणसे असत, बाजारातून आणलेली आणि घरात पोसलेली. रोमन लोकांकडे अगदी याच अर्थाचा शब्द होता, 'वेर्ना', म्हणजे मालकाच्या घरात जन्मलेला गुलाम. त्यावरून 'वेर्नाकुलुस', घरचा, देशी. आणि त्यावरून आपल्या आजोबा-पणजोबांच्या तोंडी असलेला 'व्हर्नाक्युलर'! सातवीची व्हर्नाक्युलर फायनल पास झाल्यावर मास्तरकी मिळवलेल्या पिढीला आपल्या परीक्षेच्या नावात रोमन गुलामाचे पोर दडले आहे हे कोणी सांगितले नसेल. रोमनांचा वेर्ना आणि पोर्तुगीजांचा क्रिओलु हे एकाच गरजेतून दोनदा जन्मलेले शब्द आहेत, आणि दोघांवरूनही पुढे भाषेचीच नावे पडली, व्हर्नाक्युलर आणि क्रिओल. हा योगायोग नाही. घरात जन्मलेले मूल मालकाची बोली आपल्या पद्धतीने बोलते, म्हणून त्याचे नाव त्या बोलीला लागते.

जुन्या इंग्रजी कोशकारांनी 'क्रियादो'चे लघुरूप 'क्रियादिय्यो' आणि त्याचे आखडून क्रिओयो, अशी व्युत्पत्ती दिली आहे. ती मला मुळीच मान्य नाही. 'इय्यो'चा 'ओयो' कसा झाला याचे उत्तर तिच्यात नाही. शिवाय पोर्तुगीज रूप आधीचे आहे, त्यावरून उडी मारून स्पॅनिश लघुरूपाकडे जायचे कारणच काय? काही अभ्यासक शब्द कोंगो भाषेतून आणतात, कारण गार्सिलासो काळ्या लोकांचे नाव घेतो. पण शब्द काळ्या लोकांनी घडवला म्हणून तो आफ्रिकी धातूवरूनच घडला पाहिजे असे कुठे आहे? आफ्रिकेच्या पश्चिमेची केप व्हर्दची बेटे निर्जन होती. १४६० नंतर पोर्तुगीज तिथे वसले, गिनीच्या किनाऱ्यावरून गुलाम नेले, आणि त्या बेटांवर जन्मलेल्या पहिल्या मुलांची घरची भाषा पोर्तुगीजच्या मातीतून उगवली. आजही तिचे नाव क्रिओलु आहे. क्रियापद मालकाचे आणि शब्द गुलामांचा, हे दोन्ही एकाच वेळी खरे असू शकते.

कोशकार चुकले तरी त्यांनी 'क्रियादो'ला हात लावला हे मात्र चांगले केले, कारण हा सख्खा भाऊ आहे. क्रियादो म्हणजे 'पोसलेला'. मध्ययुगात थोर सरदाराच्या घरी वाढायला ठेवलेल्या दुसऱ्या घराण्यातल्या मुलाला तो लागे. वाढता वाढता मूल यजमानाची कामे करी, आणि हळूहळू क्रियादोचा अर्थ नोकर झाला. वसाहतींत हा अर्थ फार वाईट रीतीने खरा ठरला. लिमा, मेक्सिको, साल्वादोर या शहरांतल्या मोठ्या घरांत अनाथ, टाकलेली, गरीब नातेवाइकांची मुले 'पोसायला' घेतली जात. ती जेवत घरात आणि राबतही घरात, पगाराचा प्रश्न नसे. नोकर की लेकरू, हे घरातल्या माणसांनाही सांगता आले नसते. ब्राझीलमध्ये साल्वादोरला १७२६ साली आणि रिओला १७३८ साली मिझेरिकॉर्दिया या धर्मादाय संस्थेच्या भिंतीत 'रोडा' बसवला, म्हणजे फिरते लाकडी पिंप. बाहेरून मूल ठेवायचे, पिंप फिरवायचे, मूल आत आणि आई अंधारात. आतली मुले मग पैसे देऊन दायांकडे सोपवत, आणि अशा दाईचे नाव होते 'क्रियादेरा', पोसणारी. ती बाळे मोठ्या संख्येने दगावत.

गोव्यातल्या वाचकांना हे सांगायलाच नको. तिथल्या कोकणीत 'क्रियाद' म्हणजे नोकर, आणि ख्रिस्ती भाटकारांच्या, म्हणजे जमीनदारांच्या घरांत 'पोसकें' असे, घेतलेले, वाढवलेले आणि कामाला जुंपलेले मूल. पोसकें आणि क्रियादो यांची घडण अक्षरशः एक आहे, पोसणे आणि क्रियार. एका घरात दोन भाषांनी एकाच मुलाला एकच नाव दिले.

आता बोलिवार. २४ जुलै १७८३ रोजी काराकासमध्ये जन्म, घराणे वेनेझुएलाच्या बड्या जमीनदारांपैकी. आईला अंगावर पाजता येईना. सुरुवातीला घराण्याच्या स्नेह्यांपैकी एका बाईने पाजले, मग घरची गुलाम इपोलिता हिच्याकडे बाळ गेले. अडीच वर्षांचा असताना बाप गेला, नवव्या वर्षाच्या उंबरठ्यावर आई गेली. १८२५ साली, अर्धे दक्षिण अमेरिका खंड मोकळे करून झाल्यावर, बोलिवार कुस्कोहून बहिणीला लिहितो की माझ्या आई इपोलिताला हवे ते सर्व दे, ती तुझीच आई आहे असे समजून वाग; तिच्या दुधाने माझा जीव पोसला, आणि तिच्याखेरीज दुसरा बाप मला माहीत नाही. क्रिओयो या शब्दाचा अर्थ समजून घ्यायला यापेक्षा चांगले वाक्य मला सापडलेले नाही. बोलिवार क्रिओयो होता तो इपोलिताच्या रक्ताने नव्हे, ते त्याच्यात नव्हतेच. तो इथे पोसलेला होता.

कोणी म्हणेल, त्याच्या पणजीची आई कोण होती ते माहीत नाही, घराण्याला सरदारकी मिळवताना ती अडचण झाली, मग मिश्र रक्त असेलही. असेल. पण तिची आई माद्रिदची राणी असती तरी काराकासला जन्मलेला बोलिवार क्रिओयोच ठरला असता.

आणि नेमके हे दूधच युरोपियनांना खुपत होते. त्यांची समजूत होती की दुधातून स्वभाव उतरतो. बाप गोरा, आई गोरी, तरी पाजणारी काळी किंवा अमेरिकेची मूळ रहिवासी, म्हणून मूल बिघडलेले. धर्मसंघांत मठाधिपतीचे पद युरोपात जन्मलेल्याला मिळावे की इथे जन्मलेल्याला, या भांडणात हा मुद्दा शस्त्रासारखा वापरला गेला. आपल्याकडेही. पोर्तुगीज भारतात पोर्तुगालमध्ये जन्मलेला तो 'रेइनोल', इथे गोऱ्या आईबापांच्या पोटी जन्मलेला तो 'कास्तिसो', मिश्र तो 'मेस्तिसो'. बघा, गोव्यातही दोन शब्द वेगळेच! रेइनोल फ्रान्सिस्कन साधू म्हणत की कास्तिसोंना लहानपणी इथल्या बायांनी पाजले आहे, त्यांचे रक्त जन्मभरासाठी बाटले. त्यांना उत्तर दिले फ्रा मिगेल दा पुरिफिकासांव याने, १६४० साली बार्सिलोनात छापलेल्या बचावपत्रात. हा मिगेल जन्मला आपल्या पालघर जिल्ह्यातल्या तारापूरला. तारापूरचे नाव निघाले की अणुवीज आठवते, हा माणूस कोणाला आठवत नाही, याचे मला खरोखर वाईट वाटते.

त्या पाजणाऱ्या-सांभाळणाऱ्या बाईला पोर्तुगीजमध्ये म्हणत 'आइया'. तीच आपली शाळेतली, इस्पितळातली आया. तिचा 'आई'शी काही संबंध नाही, कितीही गोड वाटले तरी. आईचे अनेकवचन आया होते म्हणून ही समजूत पसरली. आइयाचे मूळ बहुतेक व्युत्पत्तीकार लॅटिन 'आविया', म्हणजे आजी, इथे नेतात.

पोसण्याच्या या क्रियापदाचा कायद्यातला शेवटचा मोठा वापरही सांगितलाच पाहिजे. ब्राझील १८२२ साली स्वतंत्र झाले, पण वसाहतीतली घरे तशीच राहिली. २८ सप्टेंबर १८७१ च्या कायद्याने गुलाम आईच्या पोटी जन्मणारी मुले स्वतंत्र ठरली. मात्र आईच्या मालकाने त्यांना आठ वर्षांपर्यंत 'क्रियार' करावे, असे कलमात लिहिले आहे. नंतर मालकाने सरकारकडून ६०० मिल-रेइस घ्यावेत, नाहीतर मुलाकडून एकविसाव्या वर्षापर्यंत काम करून घ्यावे. बहुसंख्य मालकांनी काम निवडले. 'पोसले' म्हणून राबवून घेण्याचा हक्क, हा क्रियादोचा जुना अर्थ सरकारी राजपत्रात आला.

आता मूळ प्रश्नातला राहिलेला भाग, मराठी प्रतिशब्द. 'देशज' व्याकरणात अडकलेला आहे, 'स्थानिक' म्हटले की अमेरिकेचा मूळ रहिवासी डोळ्यांसमोर येतो, आणि 'पोसका' मला कितीही आवडला तरी वाचकाला तो दत्तकच वाटेल. म्हणून शब्द तसाच ठेवावा, स्पॅनिश संदर्भात क्रिओयो, ब्राझीलच्या संदर्भात क्रिओलु, आणि पहिल्या वापरात अर्थ द्यावा. त्या लेखातले वाक्य असे हवे होते: 'बोलिवार क्रिओयो, म्हणजे अमेरिकेत जन्मलेला स्पॅनिश वंशाचा होता.' मिश्र वंशाच्या माणसासाठी मेस्तिसो लिहावे. आणि ब्राझीलमधल्या एखाद्या गुलामाच्या नावापुढे कागदात क्रिओलु दिसला, तर त्याचा अर्थ तो आफ्रिकेत नव्हे, ब्राझीलमध्येच जन्मला, एवढाच घ्यावा.