एडी रॉबिन्सन यांच्या 408 विजयांना किती किंमत द्यावी?

लुईझियाना राज्यातील ग्रँबलिंग या कृष्णवर्णीयांच्या विद्यापीठाचे अमेरिकन फुटबॉलचे प्रशिक्षक एडी रॉबिन्सन यांचे 408 विजय लहान विद्यापीठांविरुद्धचे होते, मग त्यांना अलाबामा विद्यापीठाचे नामवंत प्रशिक्षक बेअर ब्रायंट यांच्या पंक्तीला का बसवतात, असे आपण विचारले आहे. ही विद्यापीठे लहान ठेवली कोणी, हे आधी पाहावे. अमेरिकेच्या दक्षिणेतील गोऱ्यांची विद्यापीठे कृष्णवर्णीयांना प्रवेशही देत नव्हती आणि त्यांच्या संघांशी खेळतही नव्हती. ब्रायंट यांच्या अलाबामातून कृष्णवर्णीय खेळाडू सामन्यात उतरले ते 1971 साली. तोवर रॉबिन्सन यांना प्रशिक्षक होऊन 30 वर्षे झाली होती.

1997 साली मी लुईझियानातील रस्टन येथे शिकत होतो. ग्रँबलिंग तेथून काही मैलांवरच असल्यामुळे रॉबिन्सन यांच्या शेवटच्या हंगामातील एका सामन्याला मी गेलो. शेजारी एक निवृत्त शिक्षक बसले होते. मेणकागदात गुंडाळलेले सँडविच त्यांनी मधोमध तोडले आणि अर्धे माझ्या हातावर ठेवले. तरुणपणी ते याच संघात होते, पण व्यावसायिक फुटबॉलपर्यंत पोहोचले नव्हते. बाहेरगावच्या सामन्यांना जाताना वाटेतल्या गोऱ्यांच्या उपाहारगृहांत खेळाडूंना वाढत नसत, म्हणून सुरुवातीच्या काळात रॉबिन्सन स्वतः सँडविच करून बरोबर घेत, हे मला या शिक्षकांकडून कळले. सकाळी वर्गांच्या वेळेला हातात घंटा घेऊन रॉबिन्सन वसतिगृहात फिरत. “त्या घंटेने मला शिक्षक केले,” असे ते गृहस्थ म्हणाले आणि कागदाची नीट घडी घालून त्यांनी ती खिशात ठेवली.

हे ऐकताना मला माझे प्रशिक्षक आठवले. मी महाविद्यालयात कबड्डी खेळत असे. आंतरविद्यापीठ स्पर्धेच्या वेळी “परीक्षेचे मी बघतो” असे सांगून त्यांनी मला प्रात्यक्षिक परीक्षा बुडवायला लावली. चषक आला आणि माझे वर्ष गेले. माझे थोरले बंधू आजही म्हणतात, “पण चषक आला ना?” मला ते कधीच पटले नाही. ज्या प्रशिक्षकाला विद्यार्थ्याच्या परीक्षेची तारीख ठाऊक नसते, त्याला महाविद्यालयात ठेवूच नये.

रॉबिन्सन यांनी 200 हून अधिक खेळाडू व्यावसायिक फुटबॉलला दिले. 1949 मध्ये टँक यंगर लॉस एंजेलिस रॅम्स या व्यावसायिक संघाकडे गेले. 1988 च्या जानेवारीत डग विल्यम्स सुपर बोल, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलचा अंतिम सामना, जिंकणारे पहिले कृष्णवर्णीय क्वार्टरबॅक (संघाची चढाई चालवणारे खेळाडू) ठरले आणि पुढे ग्रँबलिंगमध्ये आपल्या गुरूंच्याच जागी आले. 1942 च्या संघावर तर प्रतिस्पर्ध्यांना हंगामभर एकही गुण मिळवता आला नव्हता.

शेवटच्या 3 हंगामांत मात्र त्यांचे पराभव विजयांपेक्षा जास्त होते, आणि त्यांनी थोडे आधी थांबायला हवे होते असे मलाही वाटते. मोठ्या विद्यापीठांची दारे उघडल्यावर गुणी मुले तिकडे जाऊ लागली, हेही त्या उतरणीचे एक कारण होते. ब्रायंट यांच्याशी आकड्यांची थेट तुलना करू नये, हे आपले म्हणणे तेवढ्यापुरते मान्य आहे.

आपला मुलगा खेळत असेल, तर प्रशिक्षकांना चषक विचारू नका. गेल्या 5 वर्षांत संघातल्या कोणी कोणती पदवी घेतली, ते विचारा. माझ्या मुलीच्या प्रशिक्षिकेला मी पहिल्याच भेटीत हे विचारले. त्यांनी 11 मुलींची नावे न अडखळता सांगितली, तेव्हा मी अर्जावर सही केली.