ही ओळ कधीची?

प्रिय,

तुझं पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा हसू आलं, दुसऱ्यांदा पोटात कालवलं. 'सर, मरणाबद्दल माँतेन्यचं नक्की मत काय? एकीकडे म्हणतो रोज तयारी करा, दुसरीकडे म्हणतो चिंताच सोडा. मी विषय बदलू का?' सोळाव्या शतकातल्या या फ्रेंच निबंधकाराबद्दल चाळीस वर्षांपूर्वी मी हाच प्रश्न वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवला होता. तू निदान विचारलास तरी. मी लाजेने वही मिटली.

विषय बदलू नकोस. गाईडने दिलेली सिद्धांताची जाडजूड पुस्तकं तूर्त कपाटात राहू देत. ज्या दोन ओळी तुला एकमेकींवर उठलेल्या दिसतात, त्यांच्यापाशी जा आणि एवढंच विचार: ही ओळ कधीची?

त्याच्या निबंधसंग्रहाच्या तुझ्या प्रतीत मजकुराच्या मधेमधे ए, बी, सी अशी बारीक अक्षरं आहेत. तू ती ओलांडून वाचतेस, हे तुझ्या टिपणावरून कळलंच. ए म्हणजे १५८० ची, फ्रान्समधल्या बोर्दो शहरात छापलेली पहिली आवृत्ती. बी म्हणजे १५८८ ची पॅरिसची, तिसरा खंड जोडलेली. आणि सी म्हणजे त्या १५८८ च्या छापील प्रतीच्या समासात त्याने १५९२ मध्ये मरेपर्यंत स्वतःच्या हाताने जे लिहिलं ते. ती प्रत आजही बोर्दोच्या ग्रंथालयात आहे. छापील मजकुराच्या भोवती शाईच्या मुंग्या लागल्यासारखी पानं. अठराव्या शतकात कुणा बाइंडरने नव्याने बांधणी करताना कडा छाटल्या, त्यात काही शब्दांची शेपटं गेली. त्या माणसाला मी अजून माफ केलेलं नाही.

आता मैत्रीवरचा निबंध घे. त्याचा मित्र ला बोएसी १५६३ च्या ऑगस्टमध्ये गेला, अवघा ३२ वर्षांचा. १५८० मध्ये माँतेन्य लिहितो, की मी त्याच्यावर प्रेम का केलं असं कुणी खोदून विचारलं, तर ते सांगता येणार नाही. पूर्णविराम. सगळं जग जी ओळ पाठ म्हणतं, 'कारण तो तो होता, कारण मी मी होतो', ती तिथे नाहीच! ती समासात आहे, आणि तीही एका बैठकीत लिहिलेली नाही. आधी 'तो तो होता'. मग कधीतरी, वेगळ्या शाईत, 'मी मी होतो'. मित्राला जाऊन तेव्हा २५ वर्षं उलटून गेली होती.

मी माझ्या प्रबंधात हीच ओळ 'तिशीतल्या तरुणाचा ताजा शोक' म्हणून ठोकून दिली होती. इंग्रजी भाषांतर पुढ्यात, अक्षरं गाळलेली. तोंडी परीक्षेत एका परीक्षकांनी शांतपणे विचारलं, 'ही ओळ कधीची?' मी पंख्याकडे बघत राहिलो. पदवी मिळाली, पण तो पंखा अजून डोक्यात फिरतो.

म्हणून तुझ्यावर चिडतोय. 'सरांनी तारखांचं खूळ घेतलंय' असं तुम्ही पोरं कँटीनमध्ये म्हणता, ऐकलंय मी. पण त्या काळाच्या फ्रान्समध्ये १५६२ पासून १५९८ पर्यंत कॅथलिक आणि प्रोटेस्टंट एकमेकांचे गळे कापत होते. तिथे साल म्हणजे नुसता आकडा नव्हे. ला बोएसीचा स्वेच्छेच्या गुलामीवरचा लेख पहिल्या खंडाच्या मधोमध, मैत्रीवरच्या निबंधालगत, छापायचं माँतेन्यने ठरवलं होतं. तोवर प्रोटेस्टंटांनी तो राजाविरुद्धचं हत्यार म्हणून छापून टाकला. ज्या बोर्दोच्या न्यायपीठात हे दोघे एकेकाळी शेजारी बसले, त्यानेच १५७९ मध्ये तो लेख असलेलं पुस्तक जाळलं. मग माँतेन्यने लेख वगळून मित्राची २९ सुनीतं घातली. पुढे समासाच्या फेरीत तीही खोडली. मधोमध भगदाड राहिलं. ते भगदाड कधी पडलं हे ठाऊक नसेल, तर मैत्रीवरचा तो निबंध तू कशाच्या आधाराने वाचणार?

आता तुझ्या मरणाकडे येतो. तयारीचा उपदेश करणारा निबंध लिहिताना तो सांगतो, की मला ३९ पुरी होऊन पंधरा दिवस झाले. म्हणजे १५७२ चा मार्च. नुकताच नोकरी सोडून घरी आलेला, लॅटिन ग्रंथांनी वेढलेला माणूस. 'चिंता सोडा, कसं मरायचं ते ऐन वेळी निसर्ग शिकवेल' हे १५८८ चं. दोहोंच्या मध्ये काय घडलं? १५८५ मध्ये त्याच्या भागात प्लेग आला. घरच्यांना घेऊन तो सहा महिने दारोदार फिरला, कुणी उंबऱ्यात उभं करेना. द्राक्षं वेलींवर तशीच लटकत राहिली, तोडायला माणूस नव्हतं. धडधाकट माणसं स्वतःचे खड्डे खणत होती, काही जण जिवंतपणीच त्यात आडवे झाले. त्याच्याच एका मजुराने मरता मरता हातापायांनी माती अंगावर ओढून घेतली. या लोकांनी सेनेकासारखा रोमन तत्त्वज्ञ वाचला नव्हता. ते बघून आलेला माणूस पुन्हा तयारीचा उपदेश कसा करेल, सांग बरं?

तुझं 'नक्की मत काय' हे तिथेच विरघळतं. दोन्ही मतं त्याचीच, मधे सोळा वर्षं आणि तो मजूर.

माझ्या नावावर एकही पुस्तक नाही, हे तुला कुणीतरी सांगितलं असेलच. खरं आहे. दोनदा हस्तलिखित तयार झालं, दोनदा एखाद्या ओळीचं साल पडताळायला बसलो आणि उठलोच नाही. बायको म्हणायची, हे निमित्त आहे. असेलही. पण भराभर छापणाऱ्यांची पुस्तकं माझ्याकडे आहेत, आणि त्यातल्या तिघांनी ती समासातली ओळ १५८० ची म्हणून छापली आहे. मी निदान छापली नाही. (हे अभिमानाने सांगण्यासारखं नाही, कळतंय मला.)

तू माझ्यासारखी अडकून बसू नकोस. पहिलं प्रकरण सप्टेंबरपर्यंत हवं आहे, चुका असल्या तरी. फक्त प्रत्येक उताऱ्यापुढे साल घाल.

रविवारी सकाळी ये. मैत्रीवरच्या निबंधाची झेरॉक्स काढून आण, मोठ्या कागदावर, चारी बाजूंना जागा सोडून. ए ला निळी, बी ला हिरवी, सी ला तांबडी पेन्सिल. माझ्याकडे आहेत तिन्ही, पण तांबडी अगदी बोटाएवढी उरलीय, येताना एक घेऊन ये.

तुझा,
सर