बाद पद्धतीचे कप कसे सुरू झाले आणि महिलांचा कप शंभर वर्षं मागे का पडला

प्रश्न दोन आहेत. बाद पद्धतीच्या फुटबॉल कपांची सुरुवात कशी झाली, हा पहिला. दुसरा, इंग्लंडमध्ये पुरुषांचा एफए कप (एफए म्हणजे तिथली फुटबॉल संघटना) १८७१ चा असताना महिलांचा थेट १९७०-७१ मध्ये का आला. तेव्हा महिलांचा खेळ बघायला कुणी येतच नव्हतं, हे कारण खरं का? दुसऱ्याचं उत्तर आधी देतो. प्रेक्षक भरपूर होते, मैदानं बंद केली गेली.

आता सुरुवातीपासून. जुलै १८७१ मध्ये एफएचे सचिव चार्ल्स अल्कॉक यांनी कपाचा प्रस्ताव मांडला. हॅरो शाळेत वसतिगृहांमध्ये 'हरला तो बाहेर' अशी स्पर्धा होत असे, तीच कल्पना त्यांनी उचलली. पहिल्या वर्षी १५ संघांनी नावं दिली. कागदावर हे सोपं आहे: प्रत्येक सामन्यात एक संघ बाहेर जातो, म्हणून १५ संघांना १४ सामने. पुढची सोयीची संख्या, म्हणजे निम्मे-निम्मे करत एकावर येणारी, १६; त्यामुळे पहिल्या फेरीत एकच बाय (न खेळता पुढच्या फेरीत प्रवेश). हाच नियम कुठेही चालतो. समजा २३ संघ आले, तर पुढची संख्या ३२, म्हणजे ९ बाय. उरलेले १४ संघ ७ सामने खेळतात आणि दुसऱ्या फेरीत नेमके १६ राहतात. बाय पहिल्याच फेरीत संपवायचे, नाहीतर विषम संख्या पुढे कुठेतरी आडवी येते.

१८७१-७२ मध्ये ती आलीच. काही संघांनी सामना सोडला, तर बरोबरी झाली की दोन्ही संघांना पुढे पाठवायची मुभा नियमातच होती. क्रिस्टल पॅलेस आणि हिचिन बरोबरीनंतर दोघेही पुढे गेले (हा पॅलेस म्हणजे सध्याचाच क्लब का, यावर वाद आहे, तो इथे नको). तिसऱ्या फेरीत पाच संघ उरले आणि पुन्हा बाय द्यावा लागला. ग्लासगोचा क्वीन्स पार्क तर एकही सामना न खेळता उपांत्य फेरीत पोचला. तिथे वाँडरर्सशी ०-० झाली, पण फेरसामन्यासाठी लंडनमध्ये राहण्याचा किंवा परत येण्याचा खर्च झेपेना, म्हणून त्यांनी माघार घेतली. १६ मार्च १८७२ ला लंडनच्या ओव्हल मैदानावर अंतिम सामन्यात वाँडरर्सनी रॉयल इंजिनिअर्सना १-० ने हरवलं. गोल मॉर्टन बेट्स यांचा, पण ते खेळले 'ए. एच. चेकर' या टोपणनावाने, कारण त्यांचं नाव हॅरो चेकर्सशी जोडलेलं होतं आणि त्या संघाने वाँडरर्सविरुद्धचाच सामना सोडला होता. आजच्या नियमांत हे बसलं नसतं.

फेरसामना हे या पद्धतीचं कायमचं दुखणं. त्यांना मर्यादाच नव्हती. १९७१ मध्ये अल्व्हचर्च आणि ऑक्सफर्ड सिटी यांचा पात्रता फेरीतला निकाल सहाव्या सामन्यात, एकूण ११ तासांच्या खेळानंतर लागला. १९९१-९२ पासून एकच फेरसामना आणि मग पेनल्टी शूटआउट असं ठरलं. अंतिम सामना पेनल्टीवर सुटला तो २००५ मध्ये पहिल्यांदा, आर्सेनल वि. मँचेस्टर युनायटेड. २०२४-२५ पासून पहिल्या मुख्य फेरीपासून पुढे फेरसामनेच नाहीत. छोट्या क्लबांना ते झोंबलं, आणि माझ्या मते रास्तच. मोठ्या क्लबाच्या मैदानावर बरोबरी साधून दुसऱ्या सामन्याचं उत्पन्न मिळवणं हीच त्यांची वर्षाची कमाई असायची.

आता महिला. पहिल्या महायुद्धात दारूगोळ्याच्या कारखान्यांतल्या मुलींनी ईशान्य इंग्लंडमध्ये स्वतःचा कप खेळला. १९१८ ची अंतिम लढत आधी ०-० झाली, मग मिडल्सब्रोत ब्लाइथ स्पार्टन्सनी बोल्कॉ व्हॉनला ५-० ने हरवलं. बेला रे यांची हॅटट्रिक. २६ डिसेंबर १९२० ला लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर 'डिक, कर लेडीज' या कारखान्यातल्या महिलांच्या संघाच्या सामन्याला सुमारे ५३,००० लोक आले. आणि ५ डिसेंबर १९२१ ला एफएने आपल्या क्लबांना सांगितलं, महिलांना मैदान देऊ नका.

खेळावर सरसकट बंदी नव्हती, पण कपाचं कंबरडं मोडायला एवढं पुरलं. कप चालतो तिकिटावर आणि तिकीट लावायला बंदिस्त मैदान लागतं. शिवाय सोडतीनंतर थोड्या दिवसांत मैदान मिळायला हवं, फेरसामना निघाला तर आणखी एक. १९२२ मध्ये महिलांच्या स्वतंत्र संघटनेने तरीही एक कप घेतला, स्टोकने जिंकला, आणि तो पहिला नि शेवटचा ठरला.

१९६९ मध्ये महिला फुटबॉल संघटना स्थापन झाली, पुढच्या वर्षी एफएने मैदानबंदीचा ठराव मागे घेतला आणि १९७०-७१ ला लगेच ७१ संघ उतरले! ९ मे १९७१ ला साउदॅम्प्टनने स्टुअर्टन थिसलला ४-१ ने हरवलं. स्पर्धा एफएच्या हाती आली १९९३ मध्ये, अंतिम सामना वेम्बलीवर गेला २०१५ मध्ये आणि २०२३ ला तिथे ७७,३९० प्रेक्षक होते. जर्मनीतही बंदी होती, १९५५ ते १९७०. तिथला महिला कप १९८०-८१ चा.

जुन्या याद्या चाळताना एक लक्षात असू द्या: स्टुअर्टन थिसल हा स्कॉटलंडचा संघ. इंग्लंडच्या कपात स्कॉटिश नाव दिसलं म्हणून ती छपाईची चूक समजू नका. पुरुषांच्या कपातही क्वीन्स पार्क १८८४ आणि १८८५ ला अंतिम फेरीत होता, दोन्ही वेळा ब्लॅकबर्न रोव्हर्सकडून हरला.