आमचंच आम्हाला झेपंना, लोकांचं कुठं ऐकू?

मानसिक आजाराची औषधं लागू पडलेली असतात, झोप जराशी जागेवर आलेली असते, घरचे म्हणतात आता बरं वाटतंय. अशा टप्प्यावर मी सुचवते, "रविवारी आपला आधारगट जमतो. याच वाटेने गेलेली माणसं असतात. एकदा येऊन बघा." आणि समोरचा चेहरा आक्रसतो. "मॅडम, मला माझ्यासाठी मदत हवीय, इतरांची दुःखं ऐकून मी अजूनच खचेन." हे शिक्षक म्हणतात, बँकेतले म्हणतात, द्राक्षबागायतदारही म्हणतात. त्याला जोडून दुसरी धास्ती असतेच, सांगली केवढीशी, कुणीतरी ओळखीचं निघणार आणि गावभर बोभाटा होणार.

शंका रास्त आहे. तिचं उत्तर मी अण्णांची गोष्ट सांगून देते. अण्णा हे त्यांचं नाव नव्हे, काही तपशील बदललेत आणि लिहायला त्यांची परवानगी आहे.

साठीला टेकलेले, हरिपूर रस्त्याकडचे, उभं आयुष्य हळदीच्या व्यापारात गेलेले. 2019 च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णेने 57 फूट ओलांडले, तेव्हा त्यांच्या घरातही पाणी शिरलं. इथे धोक्याची पातळी 45 फूट आहे, म्हणजे काय झालं असेल ते सांगलीकरांना वेगळं सांगायला नको. चिखल निघाला, पंचनामा झाला, भिंतींना रंग लागला. अण्णांचं मन मात्र त्या चिखलातच राहिलं. पुढे दरवर्षी जुलै लागला की झोप उडायची. रात्री तीन-तीनदा उठून मोबाईलवर आयर्विनची फुटं बघायची, कोयनेतून किती क्युसेक सोडलं ते बघायचं. मग पावसाळा सरला तरी ते सावरेनासे झाले. पेढीवर जाणं सुटलं, बोलणं सुटलं. मिरजेतल्या मानसोपचारतज्ज्ञांनी नैराश्याचं निदान केलं, गोळ्या सुरू केल्या आणि समुपदेशनासाठी माझ्याकडे पाठवलं.

आमचं बोलणं बरे दिवस चाललं. ते वेळेवर यायचे, सांगितलेलं ऐकायचे, मान हलवायचे. एकदा मी म्हटलं, "अण्णा, पुरानंतर अशी भीती पुष्कळांच्या मनात घर करते. तुम्ही एकटे नाही." ते शांतपणे म्हणाले, "मॅडम, तुमी चांगलंच सांगताय. पन तुमचं घर विश्रामबागेत हाय."

विश्रामबाग उंचावर. तिकडे पाणी येत नाही. एवढं नेमकं वाक्य मला क्वचितच कुणी ऐकवलं असेल.

"मग ज्यांच्या घरात पाणी आलं होतं त्यांच्याशी बोलाल?"

"आमचंच आमाला झेपंना, लोकांचं कुठं ऐकू?"

"बोलू नका. ऐकायची सक्ती नाही. दाराजवळ बसा, चहा घ्या, निघून जा."

अण्णा आले आणि खरंच दाराजवळ बसले. काही रविवार एक अक्षर बोलले नाहीत. गटात गावभागातल्या, म्हणजे जुन्या सांगलीतल्या, एक वहिनी आहेत. पत्र्यावर पाऊस वाजला की आजही त्या उठून फुटं बघतात, दारं तपासतात आणि गच्चीच्या जिन्याची किल्ली उशाखाली ठेवून झोपतात. हे त्यांनी साधेपणाने सांगितलं, जणू भाजीचा भाव सांगावा. पुढच्या भेटीत अण्णा मला म्हणाले, "ती बाई बी रातचं फुटं बघती. मला वाटलं मीच येडा झालोय." हेच मी त्यांना निरनिराळ्या शब्दांत किती वेळा सांगितलं होतं! माझ्या तोंडून ती माहिती होती, वहिनींच्या तोंडून तो पुरावा झाला.

खरा पालट झाला तो पुढे. एका रविवारी तिशीतला एक तरुण पहिल्यांदा आला, बायकोने जवळजवळ हाताला धरून आणलेला. धंद्यात बुडाला होता, महिनोन्‌महिने घराबाहेर पडला नव्हता. खुर्चीत बसला तो मान खाली घालूनच. आमच्यातल्या एकाने मायेपोटी घाई केली, "बोल दादा, सगळं बोलून टाक, मोकळा हो." पोरगा आणखीच आवळला गेला. मी मध्ये पडणार, तेवढ्यात दाराकडून आवाज आला.

"थांबा की जरा. पेव उघडल्या उघडल्या कुनी आत उतरतंय व्हय?"

हरिपूरची पेवं ज्यांनी पाहिली नसतील त्यांच्यासाठी सांगते. पेव म्हणजे हळद साठवायची जमिनीखालची खोल कोठी. तोंड बारीक, आत पोट मोठं. वर्षानुवर्षं हळद त्यात टिकायची. 2005 च्या पुराने यातली कितीतरी पेवं निकामी केली. बंद पेवातली हवा श्वास घेण्याजोगी नसते. म्हणून तोंड उघडून थांबायचं, हवा खेळू द्यायची, दोरीने कंदील खाली सोडून तो विझतो की तेवत राहतो ते बघायचं आणि मगच माणूस उतरवायचा. अण्णांनी हे त्या पोराला सावकाश, हातवारे करत समजावलं. ते बोलत होते आणि बाकी सगळे ऐकत होते. मग खुर्ची उचलून ते त्याच्या शेजारी जाऊन बसले. "तू काय बोलू नगं. नुसता बस. हवा खेळू दे. कंदील आमी सोडतो."

पोराने मान वर केली.

त्यानंतरच्या भेटीत अण्णांनी खुर्चीत टेकायच्या आधी विचारलं, "त्या पोराला झोप लागती का हो आता?" इतके महिने या खोलीत झोपेचा विषय निघाला तो त्यांच्याच झोपेचा. आता त्यांना दुसऱ्याच्या झोपेची काळजी लागली होती. दोनदा फोन केला होता, एकदा त्याला घेऊन घाटावर फेरी मारून आले होते. आणि ओशाळल्यासारखे म्हणाले, "त्या रात्री फुटं बघायची राहूनच गेली." पुढच्या आठवड्यात परत बघितली, हेही सांगते. पण गाठ सैल झाली होती.

मी गटाच्या कामावर मनापासून विश्वास ठेवणारी आहे, तो का, हे अण्णांनी त्या दिवशी दाखवून दिलं. आजारी माणसाला सगळे जण देत असतात: गोळ्या, सल्ले, धीर, डबा. घेऊन घेऊन तो स्वतःच्याच नजरेत उतरतो. आधारगटात त्याला देता येतं आणि जो आजार त्याला कुचकामी ठरवत होता, त्याच आजाराचा अनुभव कुणाच्या तरी कामी येतो. फ्रँक रीसमन या अमेरिकी अभ्यासकाने 1965 मध्ये हेच मांडलं होतं की, मदत करणाऱ्याला स्वतःलाच मदतीचा मोठा लाभ होतो.

त्याच्याही आधीचं उदाहरण दारू सोडू पाहणाऱ्यांच्या गटांचं, अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमसचं. 1935 साली अमेरिकेतल्या अ‍ॅक्रन शहरात बिल विल्सन हा शेअर दलाल एका हॉटेलात अडकला होता. दारू सोडून काही महिने झालेले, हातातला सौदा फिसकटलेला आणि समोर बार. तो बारकडे वळला नाही, टेलिफोनकडे वळला, आणि 'मला वाचवा' असं न म्हणता त्याने बोलायला दुसरा एखादा दारुडा शोधला. त्याला तिथले शल्यविशारद डॉ. बॉब स्मिथ सापडले. पंधरा मिनिटांच्या बोलीवर आलेले डॉक्टर काही तास बसून राहिले. स्वतः टिकून राहण्यासाठी विल्सनला समोर दुसरा माणूस हवा होता. त्या भेटीतून उभं राहिलेलं काम आज जगभर चालू आहे.

आता 'दुसऱ्याचं ऐकून खचेन' या भीतीकडे येते. एखाद्याचं दुःख आपल्याला तेव्हा खचवतं, जेव्हा त्यातून बाहेर पडलेला माणूस दिसत नाही आणि आपल्याला करताही काही येत नाही. चांगल्या गटात या दोन्ही गोष्टी मिळतात. तरीही पहिले दोन-तीन रविवार जड जातात, ते धरून चाला. दर वेळी घरी जाताना ओझं वाढलेलंच वाटत असेल, तर गट चालवणाऱ्याला तसं स्पष्ट सांगा. कदाचित तो गट तुमचा नसेल. जिथे एकच जण तासभर बोलतो, जिथे 'माझ्या गोळ्या घेऊन बघ' असे सल्ले चालतात, तिथे थांबू नका.

बोभाट्याचं काय? मानसिक आरोग्यसेवा कायदा, 2017 ने तुमची माहिती गुप्त ठेवण्याचं बंधन उपचार करणाऱ्यांवर घातलं आहे. गटातले सदस्य मात्र एकमेकांना दिलेल्या शब्दाने बांधलेले असतात. म्हणून आमच्याकडे प्रत्येक नवा सदस्य आला की 'इथलं इथेच' हे सगळ्यांनी पुन्हा मोठ्याने म्हणायचं असतं. आडनाव, गाव, पेढी सांगायची गरज नसते. ओळखीचं कुणी निघालंच, तर तेही तुमच्यासारखंच दाराशी अडखळत आलेलं असतं.

आणि गट म्हणजे औषधाला पर्याय नव्हे. एकटेपणा, आशा, स्वतःवरचा भरवसा यांवर गटाचा उपयोग होताना दिसतो. आजाराची लक्षणं आटोक्यात ठेवायला डॉक्टरच लागतात. अण्णांच्या गोळ्या पुढे कमी झाल्या त्या डॉक्टरांनी केल्या, गटाने नव्हे. जीव नकोसा वाटत असेल तर रविवारची वाट बघायची नाही. त्याच घडीला घरच्यांना सांगा, डॉक्टर गाठा किंवा टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या 14416 या मोफत क्रमांकावर फोन करा. तो रात्रंदिवस चालू असतो आणि मराठीत बोलता येतं.

जत, आटपाडीकडची माणसं विचारतात, आमच्याकडे गट कुठला? तुमच्या डॉक्टरांना पुढच्या खेपेला एवढंच विचारा, "माझ्यासारखा आजार होऊन आता बरा असलेला, माझ्याशी बोलायला तयार असेल असा कुणी आहे का?" ते त्या माणसाची संमती घेऊन गाठ घालून देतील. आठवड्यातून एकदा, ठरलेल्या वेळी, अर्धा तास फोनवर बोललात तरी सुरुवातीला पुष्कळ आहे.