ग्राहकपत्रिका काढायला निघालेल्या नव्या सदस्यास

कंपनीनं आपल्या ग्राहकांना पाठवायची पत्रिका तू काढणार आहेस, आणि अशी पत्रं काढणाऱ्यांच्या संघटनेचं सदस्यत्व घेतलंस, फार बरं केलंस. पण पहिल्याच वर्षी पुरस्कारासाठी अंक पाठवायची घाई नको. आधी इतरांचे अंक मागून घे, नीट वाच. असोसिएशन ऑफ बिझनेस कम्युनिकेटर्स ऑफ इंडिया १९५७पासून आहे; अशा संघटनेचा खरा फायदा जेवणाच्या सुट्टीत होतो. कागद कुणाकडून घ्यावा, प्रूफं किती वेळा परत येतात, हे तिथंच कळतं.

मी तिथंच एक गोष्ट शिकले: मंजुरी एकाच माणसाची आणि दुरुस्तीच्या फेऱ्या दोनच, हे ज्या कंपनीचा अंक काढायचा तिच्याशी होणाऱ्या करारात लिहून घ्यायचं. माझ्या एका अंकावर चार विभागांनी चार मतं दिली आणि दिवाळीचा अंक ग्राहकांच्या हाती तुळशीच्या लग्नानंतर पडला. ते अजून सलतं.

अंकात स्वतःच्या मालाचं कौतुक किती करायचं? माझ्या मते, फार थोडं. १९२०मध्ये किर्लोस्करवाडीहून निघालेलं 'किर्लोस्कर खबर' नांगर बनवणाऱ्या कारखान्याचंच पत्र होतं. शंकरराव किर्लोस्करांनी त्यात नांगरापलीकडचं जग आणलं, म्हणून ते पुढे 'किर्लोस्कर' मासिक होऊन घराघरांत गेलं. अमेरिकेत शेतीची अवजारं बनवणाऱ्या जॉन डिअर कंपनीचं 'द फरो' हे पत्र १८९५पासून शेतकऱ्याशी शेतीबद्दल बोलतंय.

पानं चारच्या पटीत ठेव, पिनबांधणीला तेच लागतं. आणि पत्ता चुकून परत आलेली पाकिटं फेकू नकोस. मोज, यादी दुरुस्त कर.