तुझं ९६९ आठवतं का?

प्रिय बेटा,

तुझा मेसेज काल भर दुपारी आला. नौतपा लागलाय, त्यात लाइन गेलेली, कूलर बंद. मी डोक्यावर ओला पंचा घेऊन बसलो होतो. 'काका, बारावीला ६१ टक्के पडले. आईनं कॉलनीत ७१ सांगितले, मी पण मान हलवली. आता कसं करू?' मोबाइलवर दोन ओळी लिहून हे भागलं नसतं, म्हणून कागद घेतला.

अकरावीतला सिंपल पेंड्युलमचा प्रयोग आठव. आख्ख्या बॅचचा जी, म्हणजे गुरुत्वामुळे येणारं त्वरण, ९८० आला होता, कोणाचा ९८१. तुझा एकटीचा ९६९. शेजारची पोरगी म्हणाली, "काऊन टेन्शन घेतेस, वेळेत दशांश इकडेतिकडे कर, येते बरोबर." तू केलं नाहीस. रिसेसमध्ये परत आलीस, माझ्याकडून बॉब, म्हणजे दोरीला टांगायचा गोळा, मागून घेतलास, हातात फिरवून पाहिलास आणि कपाळावर हात मारलास. दोरीची लांबी हुकापर्यंतच मोजली होती, बॉबची त्रिज्या धरलीच नव्हती. शंभर सेंटिमीटरमध्ये एक सेंटिमीटर. ती धरली आणि जी ९७९ च्या जवळ आला.

गंमत अशी की बरोबर तूच होतीस. पुस्तकातलं ९८१ सगळीकडे सारखं नसतं. विषुववृत्ताकडे सरकावं तसा जी कमी होतो. आपलं नागपूर २१ अक्षांशावर, समुद्रसपाटीपासून तीनशेएक मीटर उंच, त्यामुळे इथला जी ९७८-९७९ च्या घरात. त्यातही साध्या स्टॉपवॉचवर वीस ऑसिलेशनचा, म्हणजे झोक्यांचा, वेळ घ्यायचा म्हणजे चार-पाचचा फरक पडणारच. चाळीस पोरांचा जी एकसारखा येतो तेव्हा तो पेंड्युलमवर मोजलेला नसतो, शेजारच्या जर्नलमधून उतरवलेला असतो. ३४ वर्षं मी त्या लॅबमध्ये सामान काढून दिलं, शिकवायचा अधिकार मला नव्हता. पण खोटं रीडिंग दारातून ओळखता येत होतं.

माझंही सांगतो. १९८१ साली मी बारावीला गणितात नापास झालो. घरी सांगितलं, पास. बाबांनी महालातल्या आमच्या गल्लीत पेढे वाटले. मी स्वतः ताट धरून मागे मागे फिरलो. तीन आठवड्यांनी मार्कशीट मागितली तेव्हा बिंग फुटलं. बाबा रागावले नाहीत, नुसते गप्प झाले, आणि ते फार वाईट होतं. पण खरं नुकसान दुसरंच. त्या तीन आठवड्यांत मी पुस्तक उघडलं नाही. पास झालेला पोरगा गणित कशाला घेऊन बसेल? ऑक्टोबरच्या परीक्षेला तेवढे दिवस कमी मिळाले. कसाबसा निघालो.

म्हणून कॉलनीतल्या काकूंची फार काळजी करू नकोस. दिवाळीपर्यंत त्यांना तुझे ७१ ही आठवणार नाहीत. आईला चारचौघांत खोटं पाडू नको, ती घाबरून बोलली. पण कोणी तुला समोर विचारलं तर ६१ सांग, आणि फॉर्म भरायला बसशील तेव्हा तर ६१ वालीच बस.

आता ते ६१ नीट वाच. तूच मागे म्हणाली होतीस, क्लासमध्ये वर्षभर एमसीक्यूच सोडवले, तीन तास सलग लिहायचा सराव एकदाही झाला नाही. फिजिक्सच्या ७० गुणांच्या थिअरीत शेवटची डेरिव्हेशन्स सुटली. ही तुझी बॉबची त्रिज्या. डोकं कमी नाही, लांबी हुकापर्यंत मोजली गेली. पुढे कोणत्याही कॉलेजात गेलीस तरी सेमिस्टरचे पेपर हातानंच लिहायचे आहेत. फुलस्केपचा दस्ता आण आणि घड्याळ लावून लिहायला लाग.

सीईटीचे ७८ पर्सेंटाइल आहेत ना? ते ७८ टक्के नव्हेत, हे तुझ्या मामांना एकदा समजावून सांग. तुझ्या शिफ्टमध्ये बसलेल्या दर शंभरातले ७८ जण तुझ्या बरोबरीला किंवा मागे आहेत, एवढाच त्याचा अर्थ. आणि मामा रोज ज्या व्हीएनआयटीचं, त्या केंद्राच्या इंजिनिअरिंग कॉलेजचं, नाव घेऊन राहिले, तिथं सीईटी चालत नाही, जेईई मेन लागते. इंजिनिअरिंगला बारावीच्या तीन विषयांत खुल्या वर्गाला ४५ टक्के पुरतात, राखीवला ४०, म्हणजे ६१ वर तुझी वाट अडलेली नाही. मागच्या वर्षीच्या कॅप राउंडचे, म्हणजे केंद्रीय प्रवेश फेऱ्यांचे, कटऑफ सीईटी सेलच्या संकेतस्थळावर आहेत. तुझ्या प्रवर्गाचा रकाना पाहा, मैत्रिणीचा नको. डोमिसाईल, उत्पन्नाचा दाखला, लागत असेल तर नॉन-क्रीमीलेयर, हे आताच काढून ठेव. जूनमध्ये सेतूची रांग पाहशील तर उन्हापेक्षा तिनंच चक्कर येईल.

कॉलेज कसं निवडायचं ते मात्र मला खरंच ठाऊक आहे. गेटवरचं फ्लेक्स पाहू नको, लॅबमध्ये जा. प्राचार्यांना नाही, लॅबच्या मामाला, म्हणजे माझ्यासारख्या सामान काढून देणाऱ्याला, विचार. एका सेटवर किती पोरं उभी राहतात? कपाटाची चावी कोणाकडे असते, दिवसातून किती वेळा निघते? मोडतोडीचं रजिस्टर दाखवतो का, पाहा. वर्षभरात एकही काचेचं भांडं फुटलं नसेल तर ती लॅब नव्हे, शोकेस आहे. ऑसिलोस्कोपवर बोट फिरवून पाहा, धूळ लागते का. मामा कंटाळून उत्तर देतो की उठून दाखवायला लागतो, यातही बरंच कळतं.

आणि इंजिनिअरिंगच का, हा प्रश्न तुला कोणी विचारला का ग? कामठीच्या डी. लक्ष्मीनारायण यांनी आपली मिळकत नागपूर विद्यापीठाला दिली, त्यातून १९४२ साली अमरावती रोडवर एलआयटी, केमिकल तंत्रज्ञान शिकवणारी संस्था, उभी राहिली. तुझी केमिस्ट्री चांगली आहे, तिथं एकदा चक्कर मार. महाराजबागेजवळचं कृषी महाविद्यालय १९०६ पासूनचं. तिथला बीएस्सी ॲग्रीचा प्रवेशही सीईटीवर होतो, आणि तू बाजूनं शंभरदा गेली असशील, आत कधी नाही. कटऑफमध्ये बसत नसलीस तर नाही बसत, पण पाहून तर ये. पॉलिटेक्निकमध्ये बारावी सायन्सवाल्यांना थेट दुसऱ्या वर्षाला घेतात, तो रस्ताही डोक्यात असू दे. त्याला कमी समजणारे लोक भेटतील. त्यातले निम्मे घरचा पंखा बंद पडला की डिप्लोमावाल्यालाच फोन करतात.

रविवारी घरी ये. उन्हात नको, संध्याकाळी सहानंतर, आणि डोक्याला दुपट्टा बांधूनच निघ. मार्कशीटची झेरॉक्स आण आणि घड्याळ लावून लिहिलेला एक पूर्ण फिजिक्सचा पेपरही. गुण मी देणार नाही, तो माझा अधिकार नाही. किती वाजता कोणत्या प्रश्नावर अडलीस, ते फक्त समासात पेन्सिलनं लिहून आण. काकूनं कैरीचं पन्हं करून ठेवलंय.

तुझा,
लॅबवाले काका
सक्करदरा, नागपूर